खूर दिसतात, मांड दिसत नाही

“शूटिंग करून ठेवलं आहे, आता काळजी नाही.” वऱ्हाडात कुठल्याही जुन्या कसबाचा विषय काढा, दहा मिनिटांत कोणीतरी हे वाक्य बोलतोच. दंडार म्हणा, खडी गंमत म्हणा, शंकरपट म्हणा. जाणती माणसं एकेक करून चालली आहेत, तेव्हा कॅमेरा घेऊन धावा, माहितीपट काढा, म्हणजे वारसा वाचला. गावाकडच्या घोडेस्वारीबद्दल तर हा आग्रह फारच जोरात असतो. एक तर ती आता जवळपास दिसेनाशी झाली आहे. दुसरं म्हणजे घोडा पडद्यावर भलताच देखणा दिसतो.

हे मत मला मान्य नाही. माझं कॅमेऱ्याशी भांडण नाही. ‘चित्रीकरण झालं म्हणजे जतन झालं’ या समजुतीशी आहे. चित्रफीत घोड्याची चाल टिपते, स्वाराची विद्या टिपत नाही. आणि चाल हाती लागली की विद्याही हाती लागली असं समजून आपण निवांत होतो. एखाद्या कसबाला खरा धोका असतो तो या निवांतपणाचा.

खंडन करायचं तर समोरच्याची बाजू त्याच्याहून नेटकी मांडून दाखवावी, ही आपल्याकडची जुनी रीत. तेव्हा आधी पूर्वपक्ष.

ज्या १८७८ सालच्या फेब्रुवारीत शेगावला गजानन महाराज प्रथम दिसले, त्याच सालच्या जूनमध्ये तिकडे कॅलिफोर्नियात एडवर्ड मायब्रिज नावाच्या छायाचित्रकारानं धावपट्टीच्या कडेला ओळीनं कॅमेरे मांडले आणि भरधाव घोड्याची एकामागून एक चित्रं घेतली. तोवर युरोपातले भलेभले चित्रकार धावता घोडा काढताना त्याचे पुढचे पाय पुढं आणि मागचे पाय मागं ताणून, त्याला हवेत तरंगता दाखवत. जेरिकोनं १८२१ साली काढलेलं एप्समच्या शर्यतीचं चित्र त्याच घाटाचं. मायब्रिजच्या चित्रांनी दाखवलं की घोड्याचे चारही खूर जमिनीवरून सुटतात हे खरं, पण सुटतात ते पाय पोटाखाली गोळा झालेले असताना. हजारो वर्षं घोड्यावर बसणाऱ्या माणसाला जे डोळ्यांनी दिसलं नव्हतं, ते यंत्रानं दाखवलं. हलत्या चित्राची सगळी विद्या पुढं याच पायवाटेनं आली. म्हणजे सिनेमाचा जन्मच मुळी घोड्याच्या खुराखाली झाला, असं कोणी म्हणालं तर ती अतिशयोक्ती नव्हे.

आपल्याकडेही तसंच. १८९६ च्या जुलैत मुंबईच्या वॉटसन हॉटेलात लुमिएर बंधूंची हलती चित्रं दाखवली गेली. तीन वर्षांत, १८९९ साली, सावेदादांनी म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी कॅमेरा मागवून मुंबईच्या हँगिंग गार्डनमधल्या कुस्तीचं चित्रण केलं. भारतीय माणसानं केलेल्या अगदी पहिल्या वास्तवचित्रणाचा विषय होता आखाडा. देशी अंगकसबाकडं कॅमेरा पहिल्या दिवसापासून वळला होता.

आणि शब्दांची गरिबीही पूर्वपक्षाच्या पदरात टाकली पाहिजे. बखरी घोडी दामटतात, पण दामटली कशी ते सांगत नाहीत. शालिहोत्राच्या परंपरेतल्या ग्रंथांत रंग आहेत, भोवरे आहेत, शुभाशुभ लक्षणं आहेत, पोटदुखीवरच्या मात्रा आहेत. मात्र पहिल्यांदा घोड्यावर बसणाऱ्या पोराच्या गुडघ्याचं काय करायचं, याबद्दल ते बहुतेक गप्प. मग ज्याला शब्द पुरे पडले नाहीत, ते चित्रानं राखलं तर बिघडलं कुठं?

पूर्वपक्ष इतका भक्कम आहे. आता त्याला तपासून पाहू.

पहिली गोष्ट काळाची. वऱ्हाड म्हणजे बैलांचा मुलूख, इथं घोड्याचं काय काम, असं आज वाटतं. पण ही समजूत अलीकडची आहे. १७२० साली बाळापूरजवळ निजामुल्मुल्क आणि आलम अलीखान यांची लढाई झाली. १८०३ च्या २९ नोव्हेंबरला आजच्या तेल्हारा तालुक्यातल्या अडगावच्या रानात भोसले आणि शिंदे यांचे स्वार वेलस्लीसमोर उभे होते. पुढच्या तीन आठवड्यांत गाविलगड पडला आणि देवगावचा तह झाला. त्याहून बोलकी गोष्ट १८५३ ची. हैदराबाद कंटिंजंट नावाच्या फौजेचा खर्च निजामाकडून वेळेवर मिळेना, म्हणून इंग्रजांनी वऱ्हाडचा वसूल तिच्यासाठी लावून घेतला. या फौजेत घोडदळाची पलटणं होती आणि ती शिलेदारी पद्धतीची होती, म्हणजे स्वारानं स्वतःचं घोडं घेऊन चाकरीला यायचं. अचलपुरालगतचा परतवाडा वाढला तो या फौजेच्या छावणीतून. उघडच सांगायचं तर वऱ्हाडातला कापूस आणि ज्वारी पिकवणारा कास्तकार पन्नास वर्षं परक्या फौजेच्या घोड्यांची चंदी भरत होता. १९०२ मध्ये वर्षाला पंचवीस लाखांच्या ठरावावर वऱ्हाड कायमचं इंग्रजांकडं गेलं, पाठोपाठ ती फौजही हिंदुस्थानच्या लष्करात मिसळली. तिच्यातून पुढं आलेल्या डेक्कन हॉर्स पलटणीनं १९१६ च्या १४ जुलैला फ्रान्समध्ये, सोमच्या लढाईत, हाय वुड नावाच्या रानापाशी भाले घेऊन घोडी घातली.

हे झालं फौजेचं. गावच्या घोड्याचा पुरावा हवा असेल तर तो वऱ्हाडातल्या घराघरांत आहे. दासगणूंच्या ‘गजानन विजय’ ग्रंथातलं गोविंदबुवा टाकळीकरांचं द्वाड घोडं कोणाला ठाऊक नाही? जवळ येईल त्याला लाथा मारायचं, चावायचं. साखळदंडांनी बांधून ठेवावं लागायचं. महाराज रात्री जाऊन त्याच्याच चार पायांमध्ये निजले आणि घोडं गरीब गाय झालं. भाविक माणूस यात चमत्कार पाहतो. मला त्यासोबत दुसरंही काही दिसतं. टाकळीचा एक कीर्तनकार कीर्तनाला गावोगाव जातो तो घोड्यावर बसून. आणि ही गोष्ट इतकी रोजची आहे की कथेत तिचं कोणालाच नवल नाही. नवल आहे ते घोड्याच्या खोडीचं. कीर्तनकार, पाटील, देशमुख, वैद्य, फिरते व्यापारी यांची ही रोजची स्वारी म्हणजे गावची खरी घोडेस्वारी. ती तट्टावरची होती, बोजा घेऊन होती, आणि तिला कोणी टाळ्या वाजवत नव्हतं.

ती केव्हा मावळू लागली ते पाहा. भुसावळहून बडनेऱ्यावरून नागपूरला जाणारी रेल्वे १८६७ साली सुरू झाली. १८७० साली खामगावचा फाटा आला. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात मूर्तिजापुरातून अचलपूर आणि यवतमाळकडं अरुंद मापाची गाडी, आपली शकुंतला, धावू लागली. मग पक्की सडक, मग मोटार. कॅमेरा मुंबईतून वऱ्हाडच्या खेड्यात पोचेपर्यंत तट्टावर बसून बाजाराला जाणारा माणूस आगगाडीच्या डब्यात बसला होता. म्हणजे जी स्वारी ‘चित्रफितीनं जपली’ असं आपण म्हणतो, तिच्यातली मोठी आणि महत्त्वाची तऱ्हा कॅमेऱ्यासमोर कधी आलीच नाही. उशिरा आलेल्या पाहुण्यानं जेवणाचं वर्णन करावं तसं हे आहे. पंगत उठून गेली होती.

दुसरी गोष्ट निवडीची. पाहुणा उशिरा आला, तेव्हा त्याला मिळालं काय? वरातीतली नाचणारी घोडी, उरुसातली मिरवणूक, पालखीपुढचा सजवलेला अश्व, सारंगखेड्याच्या बाजारातली उंचीपुरी, लाखांच्या बोलीची जनावरं, लष्करी मैदानावर भाल्यानं खुंट उपटणारे स्वार. प्रसंग देखणे आहेत, म्हणून कॅमेरा तिकडं वळतो. त्यावर थर चढतो तो ऐतिहासिक चित्रपटांचा. मराठा स्वार म्हटलं की आपल्या मनात जो घोडा येतो तो उंच, तकतकीत, पडद्यासाठी शोधून आणलेला. दख्खनचं तट्टू ठेंगणं होतं, काटक होतं, कडब्यावर आणि मूठभर हरभऱ्यावर निभावणारं होतं. त्याला पडद्यावर नायकाखाली उभं केलं तर प्रेक्षक हसतील. म्हणून आपण जे जपलं ते तमाशाचं, आणि नाव दिलं स्वारीचं.

तिसरी गोष्ट मला सर्वांत मोठी वाटते. अकोट तालुक्यातल्या एका गावी माझ्या ओळखीचे एक आबाजी आहेत. वय नव्वदीला टेकलेलं. त्यांच्या वडिलांच्या दावणीला घोडी होती आणि पंधराव्या वर्षापर्यंत ते तिच्यावर बसले होते. एका संध्याकाळी त्यांच्या ओसरीवर बसून मी त्यांना मोबाइलवर एक चांगली चित्रफीत दाखवली. रीतसर कॅमेरा लावून केलेली, मंदगतीची दृश्यं, खुरांतून उडणारी माती, मानेवरची आयाळ. मला वाटलं आबाजी हरखतील. त्यांनी दोनदा पाहिली, मोबाइल परत दिला आणि म्हणाले, “खुरं त दिसून रायले भाऊ. मांड नाई दिसत.”

“म्हणजे?” मी विचारलं.

त्यांनी माझ्या गुडघ्याच्या वर, मांडीच्या आतल्या बाजूला पंजा ठेवला आणि दाबला. फार जोरात नाही. दाबून किंचित सैल सोडला, पुन्हा दाबला. “अस्सं. येवढंच. येवढ्यानं घोडं वयते. लगाम त नुसता हातात असते.”

मराठीत हा शब्दच किती नेमका आहे पाहा. स्वार घोड्यावर ‘बसतो’ खरा, पण जाणता माणूस ‘मांड टाकतो’ म्हणतो, ‘मांड पक्की आहे’ म्हणतो. स्वारीचं सगळं मर्म मांडी आणि खोगीर यांच्यामधल्या त्या बोटभर जागेत आहे, आणि तिथं कुठलाही कॅमेरा शिरत नाही. वजन कोणत्या बाजूला किती टाकलं, कधी काढून घेतलं. दुडकीत धक्का कंबरेत कसा जिरवला. रव्हाल चालीत मुळीच न हलता कसं बसलं. चौखूर उधळलेल्या जनावराला लगाम न खेचता कसं आवरलं. हे सारं दाबाचं व्याकरण आहे. बाहेरून पाहणाऱ्याला चांगला स्वार काहीच न करता नुसता बसलेला दिसतो. जितका स्वार चांगला, तितकं दिसणारं कमी. वाईट स्वाराचे मात्र हातपाय हलताना स्पष्ट दिसतात. म्हणजे या कलेत कॅमेऱ्याला सर्वांत जास्त सापडते ती चूक आणि सर्वांत कमी सापडतं ते नैपुण्य. ज्या साधनाचा स्वभावच असा, त्याच्या हवाली ही विद्या करून आपण घरी जायचं?

आणखी एक बारकावा आबाजींनीच सांगितला. खोगीर घालून तंग आवळायला घेतलं की लबाड घोडं पोट फुगवून धरतं. नवखा माणूस तेवढ्यावर तंग बांधून वर चढतो. चार पावलं गेल्यावर घोडं श्वास सोडतं, तंग ढिला पडतो, खोगीर फिरतं आणि स्वार जमिनीवर. जाणता माणूस तंग बांधतो, घोड्याला दोन पावलं चालवतो, त्याच्याशी काहीबाही बोलतो आणि मग एक भोक आणखी आवळतो. त्या दोन पावलांत कितीतरी पिढ्यांचा अनुभव आहे. मी ती चित्रफीत पुन्हा लावून पाहिली. तंग आवळण्याचं दृश्य होतं. ही दोन पावलं नव्हती. संकलकाला ती रेंगाळलेली वाटली असणार, म्हणून कापली. त्याचा दोष नाही. माहितीपट म्हणून त्याचं बरोबरच होतं. पण स्वारी म्हणून जे कामाचं होतं, नेमकं तेच संकलनाच्या टेबलाखाली पडलं.

वऱ्हाडच्या भुईचं असंच. खारपाणपट्ट्यातल्या काळ्या मातीला उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि पावसाळ्यात तीच माती चिकटून खुराचा दगड होतो. अशा रानात पाऊल कुठं टाकायचं हे घोड्यावर सोपवावं लागतं, स्वारानं फक्त लगाम ढिला द्यायचा. पडद्यावर हे कसं दिसेल? घोडं खाली मान घालून हळूहळू चाललं आहे आणि वर एक माणूस स्वस्थ बसला आहे. प्रेक्षक पुढं ढकलेल.

यावर पूर्वपक्ष म्हणेल, “ठीक, पण मग कोणतंही अंगकसब जपताच येणार नाही असं म्हणा.” नाही, तसं म्हणत नाही. जपता येतं, आणि त्याचा दाखला अमरावतीतच उभा आहे. १९१४ साली वैद्य बंधूंनी सुरू केलेल्या श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक १९३६ साली ऑलिम्पिकच्या निमित्तानं बर्लिनला गेलं आणि तिथं त्यानं मल्लखांब, कबड्डी अशा देशी खेळांची प्रात्यक्षिकं केली. अमरावतीकर ही गोष्ट आजही अभिमानानं सांगतो. पण मल्लखांब आज जिवंत आहे तो बर्लिनला कोणी काय टिपलं यामुळं नाही. मंडळात पहाटे कोणीतरी एका पोराला खांबाला चिकटवतो, ‘पकड सुटते आहे’ म्हणून त्याच्या पोटरीवर चापट मारतो, आणि दहा वर्षांनी तोच पोरगा दुसऱ्या पोराला चापट मारतो, म्हणून तो जिवंत आहे. मल्लखांबाचीही मदार मांडीच्या पकडीवरच आहे, ही गोष्ट मला योगायोगाची वाटत नाही. एका पकडीला आखाडा मिळाला, गुरू मिळाला, ती टिकली. दुसऱ्या पकडीचं घोडंच गेलं, मग पकड कशाला धरणार?

गाडगेबाबांचं १९५६ साली मुंबईत वांद्र्याला झालेलं कीर्तन ध्वनिमुद्रित आहे. तो आवाज आजही ऐकणाऱ्याला हलवतो. ते मुद्रण झालं हे आपलं भाग्यच. पण शेणगावच्या त्या माणसाचं कीर्तन नुसत्या आवाजात नव्हतं; दिवसा खराट्यानं गाव झाडायचं आणि रात्री त्याच झाडलेल्या जागी उभं राहून बोलायचं, हे दोन्ही मिळून ते कीर्तन होतं. फितीत दुसरा भाग आला, पहिला आला नाही. फीत ऐकून कोणी खराटा उचलला, तर पहिला भागही पुढं गेला असं म्हणता येईल. मुद्रणाची कसोटी ही.

चौथी गोष्ट जनावराची. स्वारी एकट्या माणसाची कला नाही; तिच्यात दुसरा कलावंत चार पायांचा आहे आणि त्याची वंशावळ चित्रफितीतून पैदा होत नाही. दख्खनच्या घोड्यांची नावं नद्यांवरून पडली. थडी म्हणजे काठ; भीमेच्या काठचा तो भीमथडी. मराठ्यांच्या धावत्या लढाईला पाठ देणारं ते हेच जनावर. कितीतरी काळ सरकारी नोंदींत ते ‘गावठी’ म्हणून पडून होतं. भीमथडीला देशी जात म्हणून रीतसर नोंद मिळाली ती २०२४ च्या सुमाराला. आता याच्या शेजारी वऱ्हाडची थडी ठेवून पाहा. अकोला, अमरावती, बुलढाण्यातल्या पूर्णा नदीच्या काठची भुऱ्या रंगाची म्हैस, पूर्णाथडी, हिलाही स्वतंत्र जात म्हणून मान्यता मिळाली ती २०२३ मध्ये. नोंद उशिराच झाली, पण म्हैस गोठ्यात होती. कारण सरळ आहे: ती दूध देते. तिच्यावर कोणी गाजलेला माहितीपट काढला नव्हता. तिला कामानं राखलं. घोड्याचं काम गेलं आणि आपण त्याला कॅमेऱ्यानं राखू पाहतो आहोत. जनावर कामानं टिकतं. कौतुकानं फार तर त्याचा फोटो टिकतो.

आणि घोड्याबरोबर माणसांची एक साखळीच जाते. नालबंद गेला, खोगीर शिवणारा गेला, खरारा करणारा मोतद्दार गेला, आगाडी-पिछाडीच्या गाठी ठाऊक असलेला गडी गेला. यांतला एकही चित्रफितीचा नायक नव्हता.

पाचवी गोष्ट थोडक्यात. फीत स्वतः तरी टिकते का? सावेदादांची ती कुस्ती आज पाहायला मिळत नाही. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची सगळी रिळं उरलेली नाहीत. २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेटच्या फिती जळाल्या; तो पदार्थच असा की पेटायला निमित्त लागत नाही. मोबाइलमधल्या चित्रफितींबद्दल तर बोलायलाच नको. फोन बदलला की अर्धा वारसा जुन्या फोनबरोबर एक्स्चेंजमध्ये जातो.

शिवाय टिकली तरी फीत बोलते काय, हे पाहणाऱ्यावर असतं. शंकरपटाचंच घ्या. २०१४ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानं बैलगाडी शर्यती थांबल्या. बैल हा घोड्यासारखा पळण्यासाठी घडलेला प्राणी नाही, हा त्या वादातला एक मोठा युक्तिवाद. २०१७ साली राज्यानं कायदा केला, बैलाच्या पळण्याच्या क्षमतेवर तज्ज्ञांचा अहवालही करवला. २०२१ च्या डिसेंबरात परवानगी मिळाली आणि २०२३ च्या १८ मे रोजी घटनापीठानं कायदा उचलून धरला. या सगळ्या काळात एकाच पटाच्या चित्रणात एकाला परंपरा दिसत होती, दुसऱ्याला क्रूरता. दोघंही डोळे उघडे ठेवूनच पाहत होते. बैलाच्या शेपटीशी धुरकऱ्याचा हात नेमका काय करतो आहे, तो इशारा की पिरगाळणं, हे धावत्या दृश्यातून ठरवता येत नाही. धुरकऱ्याला आणि बैलालाच ते ठाऊक. बंदी उठल्यावर तळेगाव दशासरसारख्या गावांची नावं पुन्हा पटाच्या चर्चेत आली. पट पुन्हा भरवायला जुन्या चित्रफिती पुरेशा नव्हत्या. त्या सात वर्षांत कोणीतरी तोट्यात राहून गोठ्यात जोडी ठेवली होती, म्हणून ते जमलं. घोड्याच्या बाबतीत दावण रिकामी झाली. फरक एवढाच, आणि तो फार मोठा.

आता मंडन. नुसतं पाडून ठेवणं हे अर्धंच काम.

माझ्या मते चित्रफीत म्हणजे टीका, भाष्य. मूळ ग्रंथ माणसाच्या अंगात आणि घोड्याच्या पाठीवर असतो. ज्ञानेश्वरीवाचून गीता कळायला अवघड हे खरं, पण गीताच हरवली तर टीका कशावरची? मूळ ग्रंथ जागेवर असेल तर चांगल्या टीकेसारखं मोल नाही, म्हणूनच चित्रीकरण करावं. मात्र शिकणाऱ्यासाठी करावं, पाहणाऱ्यासाठी नव्हे. ही दोन चित्रीकरणं वेगळी असतात. पाहणाऱ्याला दौड हवी, शिकणाऱ्याला तंग आवळण्याची ती दोन पावलं हवीत. पाहणाऱ्याला निष्णात स्वार हवा, शिकणाऱ्याला पहिल्या दिवशी पडणारा पोरगा आणि त्याला ‘का पडलास’ हे सांगणारा म्हातारा हवा. पाहणाऱ्याला पार्श्वसंगीत हवं, शिकणाऱ्याला घोड्याचा श्वास आणि खोगिराचं करकरणं ऐकू यायला हवं, कारण स्वार बरंचसं कानानंच ओळखतो. तेव्हा कॅमेरा खुरांवरून उचला आणि तंगापाशी, गुडघ्यापाशी, बोटांपाशी न्या. न कापता चालू ठेवा. मायब्रिजचं यंत्र घोड्याची चाल दाखवण्यात अजोड आहे, तिथं त्याला मनमुराद वापरा. रव्हाल आणि दुडकी यांतला फरक शब्दांनी सांगण्यापेक्षा मंदगतीच्या दृश्यानं लवकर कळतो. आणि जाणत्या माणसाला ती फीत दाखवून त्यावर त्याला बोलतं करा. आबाजींचं ‘मांड नाई दिसत’ हे मूळ चित्रीकरणापेक्षा मोलाचं चित्रीकरण झालं असतं. मी तेव्हा फोन हातात असून ते टिपलं नाही.

शब्दांचंही तसंच. चंदी, तोबरा, दुमची, रिकीब, खरारा, पिछाडी या प्रत्येक शब्दामागं एक वस्तू आणि एक हालचाल आहे. ज्याच्या तोंडी शब्द आहे त्याच्याकडून ती हालचाल करून घ्या. शब्द, वस्तू आणि हात हे तिन्ही एका चौकटीत आले, तर ती चित्रफीत कोशाचं काम करील.

पण हे सारं दुय्यम. पहिलं काम दावणीला घोडं असणं. त्यासाठी घोड्याला काम लागेल, आणि कामाची लाज वाटून चालणार नाही. इथं मला माझंच एक विधान दुरुस्त केलं पाहिजे. वरातीतल्या घोडीला मी वर तमाशात जमा केलं. कॅमेरा तिच्याकडं पाहतो तेव्हा ती तमाशाच असते. पण वरात संपल्यावर, कॅमेरा बंद झाल्यावर, तिला चालवत परत नेणाऱ्या माणसाकडं जे असतं, तो वऱ्हाडातला उरलासुरला मूळ ग्रंथ आहे.

हे मला कळलं ते असं. आबाजींच्या ओसरीवर त्या संध्याकाळी त्यांचा चौदा वर्षांचा नातूही होता. आम्ही मांड आणि कॅमेरा यांवर बोलत होतो तोवर त्यानं ती चित्रफीत चार वेळा पाहिली, आणि मग विचारलं, “आबा, घोडं कुठी भेटते?”

सगळ्या चर्चेत तेवढा एकच कामाचा प्रश्न होता. आबाजींकडं उत्तर नव्हतं, माझ्याकडंही नव्हतं. पुढं आषाढात, लग्नसराई संपल्यावर, अकोल्यात वरातीला घोड्या देणाऱ्या एका माणसाकडं मी त्या पोराला घेऊन गेलो. तुळशीच्या लग्नापर्यंत घोड्या रिकाम्या, म्हणून मालक तयार झाला. पोराला वाटलं, आज बसायला मिळणार. मालकानं त्याला घोडीपासून हातभर लांब उभं केलं, घोडीला त्याचा हात हुंगू दिला आणि मग त्याच्या हातात खरारा दिला.

“पहिले आठ दिवस हेच,” तो म्हणाला. “ते तुले ओयखू दे.”

मी खिशातून फोन काढला होता. मालकानं माझ्याकडं पाहिलं, आणि दुसरा खरारा माझ्यापुढं धरला.